टॅगर्टची खुर्ची

शंतनूच्या उजव्या खांद्यावरचा टॉवेल डाव्या खांद्यावर गेला, आणि जवळच्या कोपऱ्याकडे निघालेली स्वानंदी अर्ध्या पावलात वळून लांबच्या कोपऱ्याकडे गेली. एवढंच झालं. टॉवेल माणूस या खांद्यावरून त्या खांद्यावर टाकतोच, त्यात बघण्यासारखं काही नसतं. अवधूतनेही एरवी तो बघितला नसता, कारण शंतनू नेहमी त्याच्या खुर्चीमागे पाण्याच्या बाटल्यांपाशी उभा असायचा आणि मॅच चालू असताना मागे वळून बघणाऱ्यांतला अवधूत नव्हता. पण अमेरिकेतल्या मॉरिसव्हिलच्या या शाळेच्या जिममध्ये समोरच्या भिंतीला ढाली आणि कप ठेवायचं एक भलंमोठं काचेचं कपाट होतं. दुपारचं ऊन वरच्या खिडक्यांतून नेमकं त्यांच्या बाजूला उतरलं होतं, आणि त्या काचेत स्वतःची खुर्ची, स्वतःचं टक्कल आणि मागे उभा शंतनू असं सगळं फोटो काढायला बसल्यासारखं स्पष्ट दिसत होतं. स्वानंदीने समोरच्या फ्रिस्को टीमच्या मुलीच्या गुडघ्याला हात लावला आणि मध्यरेषेवर अंग झोकून दिलं. एक पॉइंट मिळाला, बाकांवरून टाळ्या झाल्या. अवधूतचे डोळे मात्र काचेतल्या त्या टॉवेलवरच राहिले.

तो दोन्ही हात मांड्यांखाली दाबून बसला होता. तो नेहमी असाच बसायचा. आजूबाजूच्या सगळ्या मराठी मंडळांत त्याची ओळखच ती होती. आयटीतले टक्कल पडलेले अवधूत गल्लोगल्ली सापडतील, पण हातांवर बसणारा कबड्डीचा कोच एकच. बाकीचे कोच मॅचभर रेषेच्या कडेने पळत असतात, ‘मागे ये मागे ये’, ‘अगं पाय बघ पाय’ असं ओरडून त्यांचा घसा बसतो आणि मग संध्याकाळच्या कार्यक्रमात त्यांना निवेदनही करता येत नाही. अवधूत हूं की चूं करायचा नाही. आठवडाभर पोरींना सांगायचं ते कान किटेपर्यंत सांगायचं, आणि मॅचची शिट्टी झाली की खुर्चीत बसून तोंड शिवून घ्यायचं. खेळ पोरींचा. चढाईला कोणी जायचं, कुठल्या कोपऱ्यात शिरायचं, कधी परतायचं, हे ज्याचं त्याने ठरवायचं. अमरावतीला तो स्वतः बरा खेळायचा, पण त्याचे मास्तर रेषेबाहेरून इतके ओरडत की चढाईत त्याला स्वतःचा दमसुद्धा ऐकू येत नसे. शेवटी शेवटी तर ते गप्प राहिले की त्याचे पाय हलायचे नाहीत. तेव्हाच त्याने ठरवलं होतं, आपण कधी कोणाला शिकवलं तर असं शिकवायचं नाही. मंडळात त्याला चेष्टेने मौनीबाबा म्हणत. त्याला ती चेष्टा आवडायची. आवडायची म्हणजे काय, तिच्यावर तो जगायचा. ऑफिसात त्याच्यापेक्षा कितीतरी लहान असलेला मॅनेजर त्याला रोज सकाळी काल काय केलंस असं विचारायचा, आणि काल काय केलं हे त्याला खरोखरच आठवत नसायचं. शनिवारची ही खुर्ची होती म्हणून बाकीचे दिवस ढकलता येत होते.

आणि ही खुर्चीसुद्धा खरं तर त्याची नव्हती. ती टॅगर्टची होती. त्याची मुलगी स्वानंदी बाबागाडीत होती तेव्हाची गोष्ट. बायकोची, मीनाक्षीची, एक मैत्रीण तासाभराच्या अंतरावरच्या ॲशबी कॉलेजात शिकत होती, तिला भेटायला ते तिघं गेले होते. दोघी मैत्रिणी कॉफी घेत बसल्या आणि अवधूत रडणाऱ्या पोरीला घेऊन व्हरांड्यात फेऱ्या मारत राहिला. तिथल्या भिंतीवर एक मोठा काळपट फोटो होता. चिखलाचं मैदान, त्यात विणलेल्या टोप्या घातलेल्या पोरांचा ढीग, आणि मैदानाच्या कडेला स्वयंपाकघरात असते तसली साधी लाकडी खुर्ची. खुर्चीवर कोट घातलेला, मोडक्या नाकाचा एक माणूस हात मांड्यांखाली घालून बसला होता. सगळे प्रेक्षक तोंडं उघडून ओरडत होते आणि तो एकटा गप्प होता. खाली नाव होतं: ऑरिन टॅगर्ट, कोच. अवधूत इतका वेळ तिथे उभा राहिला की पोरगी खांद्यावर झोपून गेली. नंतर तो शनिवारी शनिवारी त्या कॉलेजच्या लायब्ररीत जायला लागला. जुनी वर्तमानपत्रं वाचायचा, तिथल्या म्हाताऱ्या बाईंना प्रश्न विचारून भंडावून सोडायचा. मीनाक्षी म्हणायची, लोकांचे नवरे बायका ठेवतात, माझ्याने मेलेला कोच ठेवलाय.

टॅगर्ट ओहायोतल्या एका लोहाराचा मुलगा. उत्तरेकडच्या एका कॉलेजात फुटबॉल खेळला, म्हणजे चेंडू हातात घेऊन धडका मारायचा तो अमेरिकन फुटबॉल, नाक मोडून घेतलं, आणि मागचं शतक उजाडायच्या सुमारास रेल्वेने ॲशबीला उतरला, तो एका मोसमापुरता. त्या काळी कोच ही काही नोकरी नव्हती. एखादा जुना खेळाडू पानगळीच्या दिवसांत यायचा, राहण्या-जेवणावारी पोरांना तयार करायचा आणि थंडी कडक झाली की आपल्या वकिलीकडे नाहीतर दुकानाकडे परत जायचा. टॅगर्ट गेला नाही. सकाळी भूमिती शिकवायचा आणि दुपारी मैदानावर असायचा. जेवणाच्या टेबलावर अकरा अक्रोड मांडून तो चाली समजावून सांगायचा, आणि पाठ झाल्या की पोरांना ते अक्रोड फोडून खायला द्यायचा. तेव्हा असा नियमच होता की सामना सुरू झाल्यावर बाहेरून कोणी एक अक्षर सांगायचं नाही, सगळं कर्णधाराने बघायचं. नियम होता म्हणजे पळवाटाही होत्या. कोणी खोकायचा, कोणी हॅट काढायचा, कोणी पाणी देणाऱ्याच्या तोंडी निरोप धाडायचा. टॅगर्टला त्याची चीड होती. तो बोलताना हातवारे फार करायचा, म्हणून खबरदारी म्हणून तो हातांवरच बसायला लागला. सहा दिवस मी बोलतो, सातव्या दिवशी पोरं बोलतात, असं तो म्हणायचा. त्या वर्षांत मैदानावर पोरं मरत होती, मानेची हाडं मोडत होती, हा खेळच बंद करा असं लोक म्हणायला लागले होते. नियम बदलले, चेंडू पुढे फेकायला परवानगी मिळाली, तेव्हा बाकीचे जुने कोच हसले आणि टॅगर्टने पोरांना एका जुन्या धान्याच्या कोठारात नेऊन हिवाळाभर फेकायला शिकवलं. पुढच्या वर्षी त्याच्या किरकोळ पोरांनी तिप्पट मोठ्या युनिव्हर्सिटीला धूळ चारली. टॅगर्ट खुर्चीतून उठलासुद्धा नाही. अवधूत ही गोष्ट दर सप्टेंबरला नव्या मोसमाच्या पहिल्या दिवशी पोरींना गोल बसवून सांगायचा, आणि हे कोठाराचं सांगताना त्याचा आवाज दरवेळी थोडा कापायचा.

पुढचं मात्र तो घाईने सांगायचा. वॉल्टर पीट नावाचा टॅगर्टचा जुना कर्णधार शिक्षण संपल्यावरही तिथेच राहिला होता. टॅगर्टवर त्याचा जीव होता. सामन्याच्या वेळी तो खुर्चीमागे पाण्याची बादली घेऊन उभा राहायचा. एका वर्षी हरलेल्या टीमने तक्रार केली की बादली खुर्चीच्या डावीकडे ठेवली की चाल डावीकडे जाते आणि उजवीकडे ठेवली की उजवीकडे. टॅगर्टने सगळ्या प्राध्यापकांसमोर बायबलवर हात ठेवून सांगितलं की माझ्या टीममध्ये असलं काही होत नाही. त्याच महिन्यात पीटने स्वतःहून कबूल केलं. दर सामन्यात होत होतं, जवळजवळ पहिल्यापासून. खोटी शपथ घेणारा माणूस म्हणून टॅगर्टला जावं लागलं, स्टेशनवर सोडायलाही कोणी गेलं नाही. पुढची सगळी वर्षं त्याने नेब्रास्कातल्या एका गावात बियाण्याचं दुकान चालवलं. ‘पण त्याला माहीत नव्हतं,’ असं म्हणून अवधूत गोष्ट संपवायचा. ‘ही नेव्हर न्यू.’ मग पोरी उठून सराव सुरू करायच्या.

फ्रिस्कोची मुलगी चढाईला आली. अवधूतचे डोळे कपाटाच्या काचेवर होते. बघू नये असं वाटत होतं आणि दुसरं काही दिसत नव्हतं. टॉवेल मानेभोवती आला, आणि सई, अनन्या आणि स्वानंदी या तिघींनी एकदम हातांची साखळी केली. टॉवेल खांद्यावर गेला, साखळी सुटली. पुढच्या चढाईत टॉवेल कमरेला गेला आणि स्वानंदी कोणाला हात न लावता परत आली. इतकं सोपं होतं ते. लहान मुलांच्या पुस्तकात मोठ्या अक्षरांत छापल्यासारखं. अवधूतला आठवली ती मॅच, जिच्यात अनन्याने एकटीने तिघींना बाद केलं होतं आणि तो स्वच्छतागृहात जाऊन आनंदाने रडला होता. त्या मॅचमध्ये आता एक टॉवेल आला. स्वानंदी सहावीत असताना एका चढाईत शेवटच्या क्षणी थांबली होती, पुढे गेलीच नव्हती, आणि ही समज मी तिला शिकवली नाही, तिची तिला आली, असं त्याने फोनवर भारतात आईला सांगितलं होतं. त्या समजेच्या खांद्यावरही टॉवेल आला. एकेक मॅच आठवत गेली आणि प्रत्येकीत तो पांढरा, निळ्या काठाचा टॉवेल कुठेतरी होताच. अवधूतच्या सगळ्या आठवणींत कोणीतरी आधीच जाऊन आलं होतं. आणि तो लायब्ररीत बसून शंभर वर्षांपूर्वीची बादली हुडकत होता. म्हणतात ना, काखेत कळसा आणि गावाला वळसा.

पोरी दहा-अकरा वर्षांच्या असतील, तेव्हाच्या एका सप्टेंबरात गोष्ट संपल्यावर स्वानंदी उठली नव्हती. बुटाची नाडी बांधत ती म्हणाली होती, “बट बाबा, हाउ कुड ही नॉट नो? तो बादलीच्या एकदम बाजूला होता.” त्याने तिला समजावून सांगितलं होतं की तो खेळाकडे बघत होता, शेजारी नाही, ज्याचा विश्वास असतो तो मागे वळून बघत नाही. ती त्याच्याकडे टक लावून बघत राहिली होती, आणि मग तिने त्याच्या गुडघ्यावर थोपटलं होतं. आपलं बोलणं पोरीला भिडलं असं वाटून तो दिवसभर खुशीत होता. ते थोपटणं आत्ता इतक्या वर्षांनी गुडघ्यावर जाणवलं आणि त्याला पाय झटकावासा वाटला.

हाफटाइमची शिट्टी झाली. पोरी पाण्याकडे धावल्या. अवधूतने शंतनूचं कोपर धरलं आणि त्याला दारापाशी घेऊन गेला. या माणसाबरोबर तो अमेरिकेतली पहिली खोली वाटून राहिला होता. एका पातेल्यात भात आणि त्याच पातेल्यात नंतर चहा. स्वानंदी झाली तेव्हा हॉस्पिटलात अवधूतची आई नव्हती, शंतनू होता.

“टॉवेल कधीपासून?” अवधूतने विचारलं.

कसला टॉवेल, असं शंतनू म्हणाला असता तर बरं झालं असतं. निदान भांडता आलं असतं. त्याने त्याच टॉवेलने तोंड पुसलं आणि म्हणाला, “आत्ता कुठे काढतोस यार. दोन पॉइंटनी मागे आहोत.”

“कधीपासून, शंतनू?”

“पहिल्या वर्षापासून. जर्सी सिटीची मॅच आठव. पोरी केवढ्याशा होत्या, रडत होत्या, आणि तू हातांवर बसून. सई येऊन मला म्हणाली, काका आता मी काय करू? मी म्हटलं, मी टॉवेल टाकेन त्या बाजूला जा. जिंकलो. आणि तू कसला खुश होतास! गाडीत अख्खा रस्ता तू बोलत होतास, आपण गप्प बसलो की पोरी कशा आपोआप उभ्या राहतात. मी काय सांगणार होतो?”

“नंतर सांगायचं.”

“नंतर मला वाटलं तुला माहीत आहे.” शंतनू हे खरंच बोलत होता, त्याच्या चेहऱ्यावर गोंधळ होता. “म्हणजे सगळ्यांनाच वाटतं. एवढी वर्षं तुझ्या कानापाशी माझा टॉवेल हलतोय, माणसाला कळणार नाही? मला वाटलं ही आपली सिस्टिम आहे. तू बसणार, मी हलवणार. म्हणून तर मी तुला कारमध्ये म्हणायचो ना, की तुझ्या त्या टॅगर्टलासुद्धा माहीत असणारच.”

“टॅगर्टला माहीत नव्हतं.”

“ओके.”

“आणि मीनाक्षी?”

शंतनूने जिमच्या पलीकडच्या टोकाला बघितलं. तिथे टेबलांवर वडापाव आणि चहा मांडला होता आणि मीनाक्षी कागदी प्लेटा लावत होती. तिने मान वर केली, दोघांना दारात उभं बघितलं, आणि प्लेटा लावायची थांबली. एवढ्या लांबूनही तिला समजलं होतं. बाई घाबरली होती, ते अवधूतला स्पष्ट दिसलं, आणि तिच्या घाबरण्याचाच त्याला सगळ्यात जास्त राग आला.

“सेकंड हाफमध्ये नको करूस,” तो म्हणाला.

“फायनल आहे, अवधूत. पोरींना सवय आहे.”

“नको करूस.”

शंतनूने पाणी पिणाऱ्या पोरींकडे बघितलं. मग त्याने टॉवेलची नीट घडी केली आणि जाऊन ती अवधूतच्या खुर्चीच्या पाठीवर ठेवली. “मी बाहेर थांबतो मग. इथे राहिलो तर माझा हात हलेलच,” असं म्हणून तो पार्किंग लॉटकडे निघून गेला. जाताना त्याचा चेहरा पडला होता. फसवलं त्याने, आणि चेहराही त्याचाच पडला, अवधूतच्या वाट्याला तेवढंही आलं नाही.

तो खुर्चीत येऊन बसला. हात आपोआप मांड्यांखाली गेले. लहानपणी अमरावतीला त्याच्या आजोबांना साखर बंद केली होती, पण ते आकांत करतील म्हणून घरात कोणी सांगितलं नव्हतं. चहात गोळी विरघळवून द्यायचे. आजोबा घोट घ्यायचे आणि म्हणायचे, आज चहा झकास झालाय. मग स्वयंपाकघरात सगळे हसायचे. वाईट नव्हतं ते हसणं, लाडाचंच होतं. अवधूतही हसला होता. आता तो चहा त्याच्या तोंडात आला. कोणी त्याचं वाईट चिंतलं नव्हतं, हेच तर असह्य होतं. शंतनूने त्याच्या पाठीत सुरा खुपसला असता तर तो सुरा उपसून दाखवता आला असता. इथे बायकोने, मित्राने, पोरीने मिळून त्याला सांभाळून घेतलं होतं. मैदानावर तो काय करत होता मग? तो बसत होता, बस. मॅचभर हलू नये म्हणून त्याला खुर्ची दिली होती. आणि आता कोणाला सांगायला जावं की मला माहीत नव्हतं, तर ऐकणारा ओके म्हणणार, शंतनू म्हणाला तसं.

टॅगर्टच्या गोष्टीतला एक भाग तो पोरींना कधीच सांगत नसे. फार वर्षांनी, टॅगर्ट पार म्हातारा झाल्यावर, ॲशबीच्या कॉलेजच्या वर्तमानपत्राचा एक वार्ताहर नेब्रास्कात जाऊन त्याला भेटला होता. बियाण्याच्या पोत्यावर बसून टॅगर्ट म्हणाला होता, “मला माहीत होतं. अर्थात माहीत होतं. माझ्या टीममध्ये माझ्या नकळत काही होत नव्हतं.” अवधूतने ते वाक्य लायब्ररीत वाचलं तेव्हा त्याला जेवण गेलं नव्हतं. कित्येक दिवस त्याने त्या वाक्याशी झटापट केली आणि शेवटी ठरवलं की म्हाताऱ्याला भ्रम झाला असणार. शंतनूने हे ऐकलं तेव्हा तो स्टिअरिंगवर हात आपटून हसला होता: “घे, आता तर तो स्वतः सांगतोय.” पण आता मांड्यांखाली हात दाबून बसलेल्या अवधूतला ते पोतं, ते दुकान आणि तो मोडक्या नाकाचा म्हातारा अगदी जवळून दिसला. भ्रम कसला. लबाड माणसाला लोक निदान वचकून असतात. बावळटाला सांभाळून घेतात. ज्याच्या पाठीमागे सगळ्या गावाने चौदा मोसम बादली हलवली त्याला शेवटी दोनच गोष्टींतली एक निवडता येत होती, आणि त्याने लबाडी निवडली होती. अवधूतला म्हाताऱ्याचा विलक्षण राग आला. तू तरी खरं बोलायचंस, असं त्याला वाटलं. इतकी वर्षं मी तुझी बाजू घेतली.

सेकंड हाफमध्ये पोरींचं काय झालं ते कोणालाही दिसत होतं. चढाईला जाताना प्रत्येक पोरगी खुर्चीमागे बघत होती, तिथे बाटल्या होत्या आणि कोणी नव्हतं. सई मध्यरेषेपाशी घुटमळून परत आली. अनन्या चुकीच्या वेळी एकटीच पकडीला धावली आणि एक पॉइंट देऊन बाहेर आली. फ्रिस्कोचा कोच दांडपट्ट्यासारखा हात फिरवत ओरडत होता आणि त्याच्या पोरी खूष होत्या. तरी या पोरी काही अगदीच वाईट नव्हत्या. त्यांनी रडतखडत दोन पॉइंट मिळवले, एक घालवला, पुन्हा एक मिळवला, आणि शेवटची चढाई स्वानंदीच्या वाट्याला आली तेव्हा आपली टीम एका पॉइंटने मागे होती.

अवधूतला सगळं दिसत होतं. खेळ वाचता येत होता, ते काही शंतनूने शिकवलं नव्हतं. लांबच्या कोपऱ्यातली फ्रिस्कोची मुलगी मघापासून डाव्या पायावर भार टाकत नव्हती. घोटा दुखावला होता तिचा. तिच्यावर गेलं की ती मागे हटणार, आणि हटली की साखळी तुटणार. जवळच्या कोपऱ्यात मात्र त्यांची सगळ्यात दणकट पोर दबा धरून बसली होती. स्वानंदीने मध्यरेषा ओलांडली. कबड्डी कबड्डी कबड्डी, तिचा बारीक, सपाट आवाज जिममध्ये घुमत होता. तिने खुर्चीमागे बघितलं. मग पलीकडे मीनाक्षीकडे बघितलं. आणि मग, अवधूतला आठवतं तेवढ्या सगळ्या मॅचेसमध्ये पहिल्यांदा, तिने त्याच्याकडे बघितलं. ती विचारत होती. तिचा दम संपत आला होता आणि ती आपल्या बापाला विचारत होती की मी कुठे जाऊ.

त्याने उजवा हात मांडीखालून काढला. हात बधिर झाला होता. खुर्चीच्या पाठीवरून त्याने टॉवेल ओढला. डावा खांदा म्हणजे लांबचा कोपरा, हे त्याने बघितलं होतं. पण बघितलं होतं ते काचेत. काचेत उलटं दिसतं. म्हणजे जो डावा दिसला तो उजवा. पण शंतनूही काचेकडेच तोंड करून उभा होता, मग? तो इंजिनिअर होता, त्याला हे सुटायला हवं होतं. संपूर्ण टीमला येणारी, नऊ वर्षांच्या पोरींनी शिकलेली ही भाषा त्याला एकट्याला येत नव्हती. कबड्डी कबड्डी. त्याने टॉवेल उजव्या खांद्यावर टाकला.

स्वानंदीच्या चेहऱ्यावर एकदम उजेड आला. तिने क्षणभरही शंका घेतली नाही. ती वळली आणि सरळ जवळच्या कोपऱ्यात, त्या दणकट पोरीच्या हातांत शिरली. गुडघा पकडला गेला, मागून साखळी येऊन आदळली, आणि चौघींच्या ढिगाखाली तिचा दम तुटला. शिट्टी झाली. फ्रिस्कोच्या पोरी किंचाळत मॅटवर लोळायला लागल्या.

ती उठून त्याच्याकडे आली तेव्हा तिचा एक गुडघा सोलवटला होता. अवधूत उभा राहिला होता, टॉवेल अजून खांद्यावर होता. ती ओरडेल, रडेल, काहीतरी करेल असं त्याला वाटलं. तिने त्याच्या दंडावर हात ठेवला.

“इट्स ओके, बाबा,” ती म्हणाली. “यू डिडन्ट नो.”

तिने ते अगदी हळू म्हटलं. दर सप्टेंबरला टॅगर्टबद्दल तो ज्या आवाजात सांगायचा तोच हा आवाज होता. तीच माया, तीच बाजू घेण्याची घाई. सोळा वर्षांची पोरगी त्याच्याकडे असं बघत होती की जणू त्याला रस्ता ओलांडून द्यायचा आहे. मीनाक्षी टेबलापासून निघाली होती. दारात शंतनू येऊन उभा राहिला होता. सगळे त्याला सांभाळायला येत होते.

“माहीत होतं,” अवधूत म्हणाला.

“काय?”

“टॉवेलचं. पहिल्यापासून माहीत होतं. माझ्या टीममध्ये माझ्या नकळत काय होणार आहे?”

त्याला वाटलं होतं तिला हायसं वाटेल, निदान ती हसेल. स्वानंदीचा हात त्याच्या दंडावरून खाली आला. ती एक पाऊल मागे सरकली आणि त्याच्याकडे बघत राहिली, पण आता ते बघणं वेगळं होतं. नऊ वर्षांची असल्यापासून तिने एक गोष्ट जपली होती, आईला गप्प केलं होतं, मैत्रिणींना दटावलं होतं, त्याच्या गुडघ्यावर थोपटलं होतं. ज्यासाठी ती जपली, ते तिच्या चेहऱ्यावर हळूहळू विझत गेलं. अवधूतला बोललेला शब्द परत गिळावासा वाटला, आणि तो गिळता येत नव्हता.

“मग दरवर्षी ती गोष्ट आम्हाला का सांगायचास?” तिने मराठीत विचारलं.

नेब्रास्कातल्या त्या वार्ताहराला हे विचारायचं सुचलं नव्हतं. स्वानंदीने त्याच्या खांद्यावरचा टॉवेल काढून घेतला, त्याने गुडघ्यावरचं रक्त टिपलं, आणि ती पोरींकडे निघून गेली. अवधूत खुर्चीत बसला. हात कुठे ठेवावेत ते त्याला कळेना, म्हणून त्याने ते मांड्यांखाली घातले.